सुंगट

कीबोर्डवर पाच दाबलं की
नाणं पडल्याचा आवाज येतो.
नुसता आवाज.
पत्र्याच्या पोटात खणखणत खाली जाणारं
काही नसतं,
कोपऱ्यात क्रेडिट शून्याचं एक होतं एवढंच.
पुन्हा दाबा, दोन. दाबत राहा, नव्याण्णव.
बापजन्मात मी नव्याण्णव पाहिले नव्हते.

कुडचड्याला, रेल्वे फाटकाच्या अलीकडे
बोस्त्यांवचं दुकान. पुढे सोडा आणि विडी,
मागे गोणपाटाच्या पडद्याआड
ते एकुलतं एक मशीन.
खेळाचं नाव जपानीत, कोणाला वाचता येणार?
जहाज वाकडं, पुढे दोन लांब मिशा,
म्हणून आम्ही म्हणायचो सुंगट.
खाणीवरचे ड्रायव्हर
ट्रक चालू ठेवून एक डाव टाकायला यायचे.
त्यांच्या हातांची तांबडी धूळ
दांड्यात गेली, बटणांत गेली,
आणि सुंगट कायमचं डावीकडे ओढायला लागलं.
उजवीकडे रेटत रेटतच शिकलो आम्ही सगळे.
चौथ्या फेरीतला खेकडा
मी तसाच मारला, मनगट आखडून.

आता फाइल सापडली.
नाव आठ अक्षरांचं, परकं.
ते खोडून मी सुंगट लिहिलं
तर प्रोग्राम म्हणाला, असा खेळ मला माहीत नाही.
मुकाट्याने जुनं नाव परत दिलं.
रात्री जेवणं आटपल्यावर
हेडफोन लावून बसलो
आणि पहिल्याच फेरीत उजव्या काठावर आपटलो.
पुन्हा. उजव्याच काठावर.
जहाज सरळ चालत होतं.
एकतीस वर्षं झाली, मनगटात धूळ तशीच.

सेटिंगमध्ये सगळं मिळतं:
जुन्या पडद्याच्या आडव्या रेघा, काचेचा फुगवटा,
हवी असेल तर थोडी थरथर.
मरायच्या आधीचा क्षण गोठवून ठेवा,
मेलात तर तिथून परत या.
आठवडाभर मी असा न मरता खेळलो
आणि विटलो,
नव्याण्णव क्रेडिट शिल्लक असताना.

मग काजूच्या रिकाम्या डब्याला फट पाडली.
पाच दाबायचं, तर आधी खरा रुपया डब्यात.
बायको म्हणाली, देवाला काही बोललास काय?
मी हसलो फक्त.
लग्नाला बावीस वर्षं झाली,
पण हे तिलाही कधी सांगितलेलं नाही:
मधोमध भोक पाडलेला एक रुपया,
त्याला गरीचा नायलॉनचा दोरा.
फटीतून सोडायचा, आत टक् वाजलं
की अलगद वर ओढायचा.
शेजारच्या पोराला कळायच्या आत खिशात.
एका रुपयावर दोन वर्षं खेळलो मी.
चौथ्या फेरीतला तो खेकडासुद्धा
त्याच रुपयावर.

चवथीच्या आधल्या रविवारी डबा घेऊन गेलो.
दुकानाच्या जागी आता मोबाइलची कव्हरं लटकतात.
रस्त्याकडेला थांबलेल्या टिपरांवर
रान चढलंय, टपापर्यंत.
बोस्त्यांव घरी, बलकांवात बसलेला,
एका डोळ्यावर ऑपरेशनची हिरवी पट्टी.
आवाजावरून ओळखलं त्यानं, येसो काय रे?
डबा त्याच्या मांडीवर ठेवला.
दोनशे अकरा, मी म्हटलं. सुंगटाचे.

कसले, का, काही विचारलं नाही.
झाकण काढून
एक नाणं उचललं,
आणि अंगठ्यानं मधोमध चाचपत राहिला.
दुसरं उचललं. तेही तसंच.
माझे कान तापले.
आतून त्याच्या सुनेनं चहा आणून ठेवला,
तो कोणी घेतला नाही.

बऱ्याच वेळानं म्हणाला,
"आनी तो दांडो? अजून दाव्याक ओडटा?"

हो, म्हटलं. अजून ओढतो.